फँटसी मालिकेत नायिकेचा लव्ह ट्रॅक कुठे बसवायचा?

प्रश्न थोडक्यात असा: आठ भागांची वेब मालिका लिहितो आहे. सिंधुदुर्गातलं एक गाव, आणि गावाच्या वेशीची राखण वारशाने गळ्यात पडलेली पंचविशीतली नायिका. निर्मात्यांना ‘लव्ह ट्रँगल’ हवा आहे. एका बाजूला प्राथमिक आरोग्य केंद्रात नवीन आलेला डॉक्टर, दुसऱ्या बाजूला माणसाच्या रूपात वावरणारा देवचार, म्हणजे गावाची राखण करणारी अदृश्य शक्ती. ‘बफी द व्हँपायर स्लेयर’ माझी आवडती मालिका, पण तिच्यातल्या प्रेमप्रकरणांवरून चाहते आजही एकमेकांच्या उरावर बसतात. तर मी त्रिकोण घ्यावा का? घेतला तर शेवटी नायिका कोणाबरोबर जावी?

उत्तर:

निर्माता त्रिकोण मागतो तेव्हा त्याच्या मनात एक साधी भीती असते, की तिसऱ्या भागानंतर लोक मालिका सोडून देतील. ती भीती रास्त आहे, तिच्यावर हसू नका. फक्त त्यावरचा इलाज त्रिकोणच आहे हे लगेच मान्य करू नका. कोणाबरोबर जावी हा प्रश्न तर सध्या बाजूलाच ठेवा. त्याचं उत्तर मिळायला आधी तुमच्या देवचाराचे नियम ठरायला हवेत, आणि तुमच्या प्रश्नात त्यांचा उल्लेखही नाही.

मी बरीच वर्षं डेली सोप लिहिल्या आहेत. तिथे लव्ह ट्रॅक हेच इंजिन असतं. दोघांचं जमतंय जमतंय म्हणता म्हणता महिने निघतात, मग लग्नाचा महाएपिसोड, मग सासरची कारस्थानं. आकडे घसरले की एखादी जुनी मैत्रीण परदेशातून परत येते. या पद्धतीची टिंगल करणं सोपं आहे, पण रोज संध्याकाळी एक भाग द्यायचा तर ती पद्धत चालते. फँटसीत मात्र गाडी ओढणारं इंजिन वेगळं आहे: संकट, आणि ते थोपवण्याचं काम. प्रेम त्या कामाला जोडलेलं नसलं की काय होतं, ते तुम्ही पाहिलं असेल. राक्षस दारात उभा आणि आपली नायिका समुद्रकिनारी ओढणी सांभाळत गाणं म्हणते आहे. प्रेक्षक फोन हातात घेतो, आणि त्यात त्याचा काही दोष नाही.

म्हणून माझी कसोटी एकच आहे. प्रेमामुळे नायिकेचं काम अवघड झालं पाहिजे, आणि ते का अवघड झालं याचं कारण तुमच्या जगातल्या जादूच्या नियमातून यायला हवं. घरच्यांचा विरोध, गैरसमज, चुकीच्या वेळी वाजलेला फोन ही कारणं कुठल्याही मालिकेत चालतात, म्हणूनच ती इथे फुकट जातात.

हे आपल्याकडे नवीन नाही. कच आणि देवयानी आठवा. कच शुक्राचार्यांकडे येतो तो संजीवनी विद्या शिकायला, देवांचं काम घेऊन. देवयानी त्याच्यावर जीव लावते. दानव त्याला मारतात, तिच्या हट्टापायी शुक्राचार्य त्याला पुन्हा जिवंत करतात. शेवटी दानव त्याची राख मद्यात मिसळून गुरूलाच पाजतात. आता वाचवायचं तर कच गुरूचं पोट फाडून बाहेर येणार आणि गुरू मरणार. म्हणून गुरू त्याला पोटातच विद्या शिकवतात, तो बाहेर येतो आणि गुरूला उठवतो. काम फत्ते. पण आता तो गुरूच्या पोटातून जन्मलेला, म्हणजे देवयानीचा भाऊ. ज्या जादूने तिचा प्रियकर वाचला त्याच जादूने लग्नाची वाट बुजली. ती शाप देते की ही विद्या तुला फळणार नाही; तो उलट शाप देतो की कुणी ऋषिपुत्र तुझं पाणिग्रहण करणार नाही. खलनायक नाही, गैरसमज नाही, दोघंही आपापल्या जागी बरोबर. पटकथेच्या वर्गात मी पहिल्या दिवशी हीच गोष्ट सांगतो, कारण तिच्यातला एकही टाका काढता येत नाही.

आता बफीकडे येऊ. ज्यांनी पाहिली नाही त्यांच्यासाठी: कॅलिफोर्नियातलं सनीडेल नावाचं काल्पनिक गाव, खाली नरकाचं तोंड, आणि पिशाच्चांचा बंदोबस्त करायला नेमलेली एक मुलगी. 1997 ते 2003, सात सीझन, 144 भाग. पहिला सीझन 12 भागांचा, बाकीचे 22-22 भागांचे. तिचा पहिला प्रियकर एंजल स्वतः पिशाच्च आहे, पण आत्मा असलेलं. 1898 मध्ये त्याने एका रोमा टोळीतली मुलगी मारली, टोळीने सूड म्हणून त्याला मारलं नाही, आत्मा परत दिला. म्हणजे केलेल्या प्रत्येक खुनाची टोचणी कायमची. त्या शापाला एक अट आहे: त्याला एक क्षणभर जरी निखळ सुख मिळालं तरी आत्मा पुन्हा जाणार. शाप आणि उःशाप आपण लहानपणापासून ऐकतो. इथे उःशापच सुरुंग आहे.

दुसऱ्या सीझनमध्ये, जानेवारी 1998 मध्ये लागोपाठ दोन रात्री दाखवलेल्या दोन भागांत तो सुरुंग फुटतो. बफीच्या प्रेमात एंजलला ते सुख मिळतं आणि आत्मा जातो. दुसऱ्या दिवशी ती त्याला शोधत त्याच्या खोलीवर येते. लेखकाने या जागी काय केलं ते बारकाईने बघा. एंजल दात दाखवत नाही, गुरगुरत नाही, तिच्यावर धावून जात नाही. तो कपडे करतो आहे. काल जे झालं त्याचा एवढा बाऊ कशाला, अशा सुरात बोलतो. ती रडवेली होऊन म्हणते की माझं तुझ्यावर प्रेम आहे, तर तोही तितक्याच सहज म्हणतो माझंही, फोन करीन, आणि निघून जातो. आत्मा गेल्याचं तिला अजून माहीत नाही. आपल्याला माहीत आहे. दृश्यात जादू औषधालाही नाही, पण जादूच्या नियमाशिवाय हे दृश्य लिहिताच आलं नसतं. ज्याच्यावर विश्वास टाकला तो रात्रीत परका झाला, ही हजारो मुलींची खरी भीती. फँटसीने तिला फक्त अक्षरशः खरं केलं.

याच भागाचा शेवट मी नवीन लेखकांना पुन्हा पुन्हा बघायला लावतो. बफीला वाटतं की तिचा गुरू, जाइल्स, आता तिला बोल लावणार. तो गाडीत तिच्याशेजारी बसून सांगतो की अपराधीपणाची पुष्टी हवी असेल तर माझ्याकडून मिळणार नाही, माझा आधार आणि आदर मात्र आहे. मग घरी आई कपकेकवर एक मेणबत्ती लावून म्हणते, वाढदिवसाची इच्छा माग. बफी म्हणते, जळू दे तिला. बस्स. आपल्याकडे इथे पार्श्वसंगीत, फ्लॅशबॅक आणि पाऊस, तिन्ही आले असते.

त्या सीझनचा शेवट हा माझ्या कसोटीचा कळस आहे. एंजलने जग गिळणारं दार उघडलं आहे आणि ते फक्त त्याच्याच रक्ताने बंद होणार आहे. इकडे बफीची मैत्रीण विलो त्याचा आत्मा परत आणण्याचा मंत्र म्हणते आहे. मंत्र फळतो. पण दार उघडल्यानंतर. समोर उभा आहे तो तिचा खरा एंजल, ज्याला मधलं काही आठवत नाही. ती त्याला मिठी मारते, त्याच्या खांद्यावरून तिला मागे वाढत चाललेला भोवरा दिसतो. ती त्याला डोळे मिटायला सांगते, चुंबन घेते, आणि तलवार त्याच्या छातीत घालून त्याला नरकात ढकलते. मंत्र पाच मिनिटं आधी फळला असता तर प्रेम वाचलं असतं. पाच मिनिटं नंतर फळला असता तर एका राक्षसाचा वध एवढंच उरलं असतं. काम आणि प्रेम एकाच टोकावर आणून ठेवणं म्हणतात ते हे. विलो मंत्र पुन्हा म्हणते आहे हा निरोप बफीपर्यंत पोचवायचं काम झँडर या मित्राकडे होतं, आणि त्याने तो मुद्दाम दडवला. हा छोटा खोटेपणाही तिथे पेरून ठेवला आहे. एवढ्या मोठ्या दैवी प्रसंगात माणसाची असूया एका वाक्यात येऊन जाते.

एक गोष्ट मात्र या जोडीची उचलू नका. एंजल दोनशेहून अधिक वर्षांचा आणि बफी शाळकरी. त्या काळी ते काव्यात्म मानलं गेलं, आज खटकतं आणि खटकायलाच हवं. तुमची नायिका पंचविशीतली आहे हे बरं आहे. देवचार किती शतकांचा ते सोडा, पण त्याच्याकडे अनुभव आणि तिच्याकडे भाबडेपणा अशी वाटणी करू नका. गाव तिला जास्त कळू द्या.

व्यवहाराच्या गोष्टीलाही थोडी जागा देतो, कारण सेटवर तीच जास्त वेळा समोर येते. तिसऱ्या सीझननंतर एंजलची स्वतःची मालिका सुरू होणार होती, ती 1999 च्या ऑक्टोबरमध्ये आली. म्हणजे नट जाणार हे नक्की होतं. नट जातो तेव्हा आपण सहसा अपघात घडवतो, किंवा पात्राला अमेरिकेला पाठवतो. इथे लेखकांनी बफीच्या आईला एंजलकडे धाडलं. ती त्याला शांतपणे विचारते, तू पुढे तिला काय देणार आहेस? उन्हात चालू न शकणारा, मूल देऊ न शकणारा, म्हातारा न होणारा माणूस. तो नातं तोडतो. पण त्याच भागात शाळेच्या निरोपाच्या नाचाच्या रात्री वर्गातली मुलं बफीला एक छोटी छत्री देतात, ‘वर्गाची रक्षणकर्ती’ म्हणून. इतकी वर्षं ती जे चोरून करत होती ते मुलांना कळत होतं. प्रियकर शेवटी नाचायला येतो, पण भागाचा हुंदका त्या छत्रीजवळ येतो. प्रेम गेलं त्याच रात्री कामाची पावती मिळाली. हे योगायोगाने होत नाही.

आता रायली. चौथ्या सीझनमध्ये आलेला सरळ, सभ्य, सैन्याच्या गुप्त तुकडीतला मुलगा. चाहत्यांना तो पचला नाही, आणि सगळे म्हणतात की चांगला मुलगा कंटाळवाणा असतो. मला हे अजिबात पटत नाही. चांगलेपणा कंटाळवाणा नसतो. खरी अडचण अशी की रायलीमुळे बफीचं काम अवघड होत नाही. तो तिच्या बाजूने लढतो, तिच्याच शत्रूंशी लढतो, औषधांच्या जोरावर ताकदवान आहे. ती औषधं गेल्यावर तो साधा माणूस होतो, आणि तिला आपली गरज नाही या जाणिवेने पोखरला जातो. पाचव्या सीझनमध्ये तो पैसे देऊन पिशाच्चांना आपलं रक्त पाजायला जातो, निदान कुणाला तरी आपण हवे आहोत म्हणून. हा धागा फार ताकदीचा होता! तिथे पहिल्यांदाच त्याच्या प्रेमाला या जगाचा नियम लागला. पण तो फार उशिरा आला आणि दोन-चार भागांत रायली हेलिकॉप्टरमधून निघूनही गेला. तुमच्या डॉक्टरचं हेच होईल अशी मला दाट शंका आहे. त्याच्याकडे पुन्हा येतो.

स्पाइक हे वेगळंच प्रकरण. मुळात तो दुसऱ्या सीझनमध्ये काही भागांपुरता आलेला पिशाच्च खलनायक. लोकांना आवडला म्हणून टिकला. चौथ्या सीझनमध्ये त्याच्या डोक्यात चिप बसवली गेली, माणसाला इजा करायला गेला की असह्य वेदना. आत्मा नाही, फक्त लगाम. पाचव्या सीझनमध्ये त्याला स्वप्नात कळतं की आपण बफीच्या प्रेमात आहोत, आणि तो घाबरून उठतो. नोव्हेंबर 2000 मधल्या एका भागात बफी त्याला पैसे देऊन विचारते की माझ्याआधी याच कामावर नेमलेल्या दोन मुलींना तू कसं मारलंस. तो सांगतो, आणि त्या निमित्ताने त्याचा भूतकाळ उलगडतो: 1880 चा लंडनमधला एक फजिती झालेला कवी, ज्याला एका बाईने ‘तू माझ्या पायरीचा नाहीस’ म्हणून झिडकारलं. शेवटी बफीही नकळत त्याला तेच शब्द ऐकवते, नोटा अंगावर फेकते आणि जाते. तो बंदूक घेऊन तिला मारायला तिच्या घरामागे जातो. ती पायरीवर बसून रडते आहे, आईचं आजारपण नुकतंच कळलं आहे. तो बंदूक खाली करतो. काय झालं विचारतो, ती सांगत नाही. मग तो शेजारी बसतो आणि तिच्या पाठीवर अवघडल्यासारखा थोपटतो, जणू कुणाला थोपटायची ही त्याची पहिलीच वेळ. एकही प्रेमाचा संवाद नाही. मी लव्ह ट्रॅकचं वन-लाइन, म्हणजे दृश्यांचा थोडक्यात आराखडा, मागतो तेव्हा लोक मला दहा कबुल्या लिहून आणतात. मला अशी एक पायरी हवी असते.

सहाव्या सीझनमध्ये बफी मरून परत आणली गेली आहे. मित्रांना वाटतं त्यांनी तिला नरकातून सोडवलं. ती स्वर्गात होती. हे ती फक्त स्पाइकला सांगते, कारण तोही थडग्यातून बाहेर आलेला. पुन्हा तेच, नियमातून जन्मलेली जवळीक: गावात दुसरं कुणीच ही गोष्ट समजू शकणार नव्हतं. त्यातून जे नातं उभं राहिलं ते स्वतःला शिक्षा करण्याचं होतं, आणि मालिकेने ते गोड केलं नाही. मग मे 2002 मधला तो भाग, ज्यात स्पाइक तिच्यावर बाथरूममध्ये बळजबरी करू पाहतो. त्यानंतर तो आत्मा मिळवायला आफ्रिकेत जातो, परीक्षा देतो आणि आत्मा घेऊन येतो. यावर माझं मत स्पष्ट आहे. आत्मा नसलेल्यावर प्रेम ठेवलं तर काय होतं हे दाखवणं नियमाला धरून होतं. पण एका बाईवरचा अत्याचार पुरुष पात्राच्या सुधारणेची शिडी म्हणून वापरला गेला, आणि पुढचा सीझन तिच्या जखमेपेक्षा त्याच्या पश्चात्तापात जास्त रमला. तो वाद आजही धुमसतो त्याचं मूळ इथे आहे. एंजल की स्पाइक हा वरवरचा प्रश्न आहे. खाली प्रश्न आहे तो कुणाची वेदना कुणाच्या कामी आली हा. त्याच भागात टारा, विलोची प्रेयसी, एका भरकटलेल्या गोळीने मरते. दोघींचं नुकतंच पुन्हा जुळलेलं. टाराचं काम करणाऱ्या नटीचं नाव मुख्य श्रेयनामावलीत पहिल्यांदा आलं ते त्याच भागात, आणि शेवटचंही. प्रेक्षकांनी हे माफ केलं नाही. सुख दिल्या दिल्या हिसकावून घेणं हा आपल्या धंद्यातला सर्वांत स्वस्त हुक आहे, आणि त्याची उधारी फार वर्षं फेडावी लागते.

अजून एक खड्डा दाखवून ठेवतो: वशीकरण. देवचार म्हटलं की लगेच कुणीतरी सुचवणार की त्याच्या नजरेत मोहिनी आहे, नायिका ओढली जाते. ही मोहिनी घेतलीत तर तिला हो म्हणायची मुभाच राहत नाही, आणि मग तिच्या प्रेमाला किंमत राहत नाही. घ्यायचीच असेल तर तिच्यावर संशय उभा करा. नेटफ्लिक्सच्या ‘द विचर’च्या पहिल्या सीझनमध्ये जिनकडे मागितलेल्या शेवटच्या इच्छेने नायक गेराल्ट आणि जादूगारीण येनेफर एकमेकांशी बांधले जातात, आणि हे कळल्यावर ती विचारते की मला जे वाटतं ते माझं की त्या इच्छेचं? तो प्रश्न म्हणजेच त्यांचा ट्रॅक आहे.

आता तुमचं गाव.

पहिली सूचना, खऱ्या देवस्थानाला हात लावू नका. सिंधुदुर्गातल्या आरवली गावच्या वेतोबा या ग्रामदेवाला नवसाच्या मोठाल्या चपला वाहतात, केळ्यांचे घड वाहतात, आणि तो रात्री गावाची राखण करत फिरतो म्हणून त्या चपला झिजतात अशी लोकांची श्रद्धा आहे. त्या देवाला प्रियकर करणं म्हणजे भक्तांचं मन दुखवणं, आणि ते करून पदरात काही पडणारही नाही. गाव काल्पनिक ठेवा, देवचार तुमचा स्वतःचा घडवा. पण झिजणाऱ्या चपलेची कल्पना कोकणात आणि गोव्यात सगळ्यांच्या ओळखीची आहे, आणि तुम्हाला हवा असलेला नियम तिच्यातच बसला आहे.

समजा तुमचा देवचार रोज रात्री वेस फिरतो. गावकरी त्याला वर्षाला चपलांचा जोड वाहतात, तो झिजला म्हणजे गाव सुरक्षित. नायिकेचं वारशाचं काम एवढंच, की रोज सकाळी देवळीत जाऊन त्या चपला बघायच्या आणि गावाला सांगायचं. आता माणसाच्या रूपात तो तिच्यापाशी थांबतो. ज्या रात्री तिच्यापाशी, त्या रात्री वेशीवर कुणी नाही. दुसऱ्या भागाच्या शेवटी ती सकाळी देवळीत जाते आणि चपलांना धूळसुद्धा लागलेली नाही. हे तिच्याशिवाय कुणाला माहीत नाही. मागे गावकरी उभे आहेत, विचारतात, ‘काय गो, फिरलो मां?’ (म्हणजे तो फिरला ना?) आणि ती म्हणते, ‘फिरलो.’

तुमचा लव्ह ट्रॅक इथे सुरू होतो, आधी तिने त्याच्याकडे कितीही चोरून पाहिलेलं असो. तिने पहिल्यांदा कामात खोटं सांगितलं, आणि त्याच रात्री वेशीतून काहीतरी आत आलं. तिसऱ्या भागात एक गाय, चौथ्यात एक माणूस. पाचव्या भागात ती स्वतः रात्री त्या चपला दगडावर घासते आहे, सकाळी झिजलेल्या दिसाव्यात म्हणून. संवाद नको, फक्त दगडावर चामडं घासल्याचा आवाज. कॅमेऱ्याला काय द्यायचं हा प्रश्न तुम्हाला पडणार नाही, आणि व्हीएफएक्सचा खर्चही नाही. निर्माता खूश होईल.

एक काळजी: त्याला मोह पडला आणि ती बिचारी, किंवा तिने त्याला नादी लावलं, या दोन्ही वाटा टाळा. त्याला शेकडो वर्षांत पहिल्यांदा कुणीतरी ‘पाय दुखतात का?’ विचारलं असू दे. थांबावंसं वाटायला तेवढं पुरे. तिला लहानपणापासून त्याच्या चपलाच दिसल्या, माणूस कधी दिसला नाही. दोघांचंही म्हणणं रास्त ठेवा.

आणि डॉक्टर. तो नुसता दुसरा पर्याय म्हणून आला तर रायली होईल. त्यालाही या नियमात ओढा. वेशीतून आत आलेल्या गोष्टीने आजारी पडलेली माणसं शेवटी त्याच्याच केंद्रात येणार ना? तो नोंद ठेवतो: कोणत्या तारखेला कोण आलं. देवचार मानत नाही, पण तारखा मानतो. तिच्या खोट्याचा हिशेब अजाणता त्याच्या वहीत साठत जातो. त्याला ती आवडते की नाही हे नंतर बघा. तिची चोरी पकडू शकणारा गावातला तो एकटा माणूस आहे एवढ्यानेच त्या दोघांच्या प्रत्येक दृश्यात ताण येईल. मग निर्मात्यांचा त्रिकोण आपोआप उभा राहील, आणि त्यात दोन पुरुष एकमेकांकडे डोळे वटारून बघतात असं एकही दृश्य लिहावं लागणार नाही. सहाव्या भागात डॉक्टर तिच्यासमोर ती वही उघडून ठेवतो. तो रागावत नाही. ‘या रात्री तुम्ही कुठे होतात?’ एवढंच विचारतो. पहिल्या मसुद्यात हे दृश्य सगळ्यात आधी लिहा. ते जमलं तर मालिका उभी राहिली म्हणून समजा.

आठ भागांत जागा कमी आहे याचंही भान ठेवा. बफीला 22 भागांच्या सीझनमध्ये दहा-बारा भाग नजरानजरेत घालवता आले. तुम्ही दुसऱ्या भागाअखेर नियम मोडला पाहिजे आणि पाचव्या भागाअखेर त्याची किंमत तिच्या घरात पोचली पाहिजे. कुणाचा जीव घ्यायचा असेल तर आजीचा घेऊ नका. ते सगळे करतात.

शेवट कोणाबरोबर? बफीच्या शेवटच्या भागात ती एंजलला सांगते की मी अजून ओव्हनमधून निघालेलं बिस्किट नाही, कच्चं पीठ आहे. आधी पूर्ण होईन, मग बघू. त्याच भागात स्पाइक जळत असताना ती त्याला ‘प्रेम आहे’ म्हणते आणि तो म्हणतो, नाही आहे, पण म्हटल्याबद्दल आभार. कोणालाच न निवडणं तिथे चाललं, कारण सात वर्षांत तिची प्रत्येकाची किंमत मोजून झाली होती. आठ भागांनंतर तसं केलंत तर लोक म्हणतील, दुसऱ्या सीझनसाठी राखून ठेवलं. तुम्ही निवड करायला लावा, पण ती पुरुषांमधली नको. वेस राखायला कुणीतरी हवंच, आणि देवचार माणूस होऊन थांबला तर ते काम रिकामं पडणार. आठव्या भागात चपला देवळीत आहेत, तो उंबऱ्यात बसला आहे, आणि अंधार पडायला आला आहे. त्या कुणाच्या पायात जातात ते तुम्ही ठरवा. तिच्या पायात गेल्या तर त्या तिला मोठ्या होतील, चालताना फटफट वाजतील. तो आवाज साउंडवाल्याला पहिल्या भागापासून सांगून ठेवा.

निर्मात्यांच्या बैठकीला जाताना वहीचं दृश्य आणि चपला घासण्याचं दृश्य, दोन्ही पूर्ण लिहून न्या. बैठकीत ‘ट्रँगल आहे का?’ विचारलं तर आहे म्हणा.